उमे, मोमो की साकुरा? आधी देठ पाहावा

प्रश्न असा आहे. फेब्रुवारीच्या अखेरीस आणि मार्चच्या पहिल्या आठवड्यात जपानला जाऊन आलेल्या एका गृहस्थांनी तीन छायाचित्रे पाठवली आहेत. पहिले तोक्योतील युशिमा तेन्जिन या देवस्थानाच्या आवारातले आहे, दुसरे इझु द्वीपकल्पातील कावाझु या गावी नदीकाठी काढलेले आहे आणि तिसरे हॉटेलच्या दर्शनी दालनात, बाहुल्यांच्या मांडणीशेजारी ठेवलेल्या फुलदाणीचे आहे. तिन्ही चित्रांखाली त्यांनी ‘साकुरा’, म्हणजे चेरीची फुले, असे लिहिले होते. त्यांच्या कचेरीतील जपानी सहकाऱ्याने ती पाहून अतिशय अदबीने सांगितले की, साकुरा इतक्या लवकर फुलत नाही, तेव्हा हे सगळे उमे, म्हणजे जर्दाळूच्या नात्यातले दुसरे झाड, असावे. या दोघांत बरोबर कोण आणि ही फुले ओळखण्याची खात्रीची खूण कोणती, असे त्यांनी विचारले आहे.

माझ्या मते दोघांनाही तीनपैकी एकेकच गुण मिळतो. मी गेली वीस-बावीस वर्षे जपानमधील बागांत छाटणी आणि कलमांचे काम करतो, आणि महाराष्ट्रातून येणाऱ्या पाहुण्यांकडून हाच घोटाळा दर वसंतात पाहतो. त्यात लाजण्यासारखे काही नाही. ही सगळी झाडे गुलाबाच्या कुळातली, बहुतेक जण मान्य करतात त्या वर्गीकरणानुसार एकाच ‘प्रूनस’ प्रजातीतली आहेत. पाच पाकळ्या, मधोमध पुंकेसरांचा झुबका आणि पांढऱ्यापासून गडद गुलाबीपर्यंतचा रंग हे सगळ्यांत सारखेच असते. म्हणून माझे पहिले सांगणे असे की, रंगावरून नाव ठरवण्याचा मोह आधी सोडून द्यावा. पांढरा उमे असतो, पांढरा मोमो असतो आणि पांढरा साकुराही असतो. गडद गुलाबी तर तिघेही असतात.

‘उमे’ या शब्दाचे इंग्रजीच्या वाटेने आपल्याकडे आलेले भाषांतर ‘प्लम’ असे आहे आणि ते दिशाभूल करणारे आहे. उमेचे जवळचे नाते आपल्या जर्दाळूशी आहे, आलुबुखाराशी नाही. आलुबुखारासारखे जे फळ जपानमध्ये खातात त्याला ‘सुमोमो’ म्हणतात आणि ते झाड निराळे. ‘मोमो’ म्हणजे पीच. वाफवून खातात त्या मोमोशी त्याचा काही संबंध नाही. ‘साकुरा’ म्हणजे चेरी खरी, परंतु जिच्या बहरासाठी लोक विमानाची तिकिटे काढतात ती चेरी फळांसाठी लावलेलीच नसते. बाजारात मिळणारी चेरी, जिला जपानीत ‘साकुरांबो’ म्हणतात, ती युरोपातून आलेल्या गोड चेरीच्या झाडाची असते आणि तिच्या बागा मुख्यतः यामागाता प्रांतात आहेत.

आता खुणेकडे येतो. बहुतेक माहितीपत्रकांत पाकळीच्या टोकाची खूण दिलेली असते: उमेची पाकळी गोल, मोमोची टोकदार आणि साकुराच्या पाकळीच्या टोकाला बारीकशी खाच. खूण खोटी नाही, पण कच्ची आहे. दुहेरी-तिहेरी पाकळ्यांच्या वाणांत ती साफ फसते, आणि पावसाने मार खाल्लेल्या फुलातही फारशी उपयोगी पडत नाही. त्यापेक्षा फूल फांदीवर कसे बसले आहे ते पाहावे. उमेला देठ जवळजवळ नसतोच. एका कळीतून एकच फूल निघते आणि ते जणू फांदीला चिकटवल्यासारखे दिसते. मोमोचा देठही आखूडच असतो, परंतु एकाच पेराशी बहुधा दोन फुले शेजारी-शेजारी येतात आणि त्यांच्यामधून पानाचा कोंब वर येत असतो, त्यामुळे फूल आणि हिरवे पाते एकत्र दिसते. साकुराची गोष्ट वेगळीच आहे: तिच्या एका कळीतून तीन-चार किंवा अधिक फुले निघतात, प्रत्येकाला दोन-तीन सेंटिमीटरचा लांब देठ असतो आणि त्यामुळे घोस फांदीपासून सुटून लोंबतो. शंभर पाकळ्यांची साकुरा असो की पाच पाकळ्यांची, देठ तिला सोडत नाही. दुरून पाहिले तर याचाच परिणाम दिसतो. उमेची फांदी, तिचे कोन आणि गाठी फुलांमधून स्पष्ट दिसतात, तर साकुराची फांदी फुलांच्या ढगात लपून जाते.

फूल हाताशी नसेल तर खोडाकडे पाहावे. साकुराच्या सालीवर आडव्या रेघा असतात आणि कोवळ्या झाडाची साल चकाकते. उमेचे खोड काळपट, खडबडीत आणि भेगाळलेले असते, आणि त्याच्या नव्या डहाळ्या चक्क हिरव्या असतात. वासाचीही मदत होते. उमेचा गंध थंड हवेत दहा पावलांवरून येतो. साकुराच्या बहुतेक वाणांना नाक लावून पाहिले तरी फारसा वास येत नाही. साकुराचा म्हणून जो गोडसर वास लोकांच्या लक्षात राहतो, तो बहुधा साकुरामोची या मिठाईभोवती गुंडाळलेल्या खारवलेल्या पानाचा असतो, फुलाचा नव्हे.

माळ्यांच्या तोंडी एक जुनी म्हण आहे, ‘साकुरा छाटतो तो मूर्ख, उमे छाटत नाही तो मूर्ख’. साकुराच्या फांदीचा घाव लवकर भरत नाही, तिथून बुरशी शिरते आणि लाकूड सडते. उलट उमे छाटला नाही तर त्याच्या फांद्या वेड्यावाकड्या वाढतात आणि फुले येणारे आखूड फाटे कमी होतात. म्हणून जुन्या बागेत एखादे झाड बुटके, कोनाकोनांचे आणि वर्षानुवर्षे कापल्याच्या खुणा वागवणारे दिसले, तर फूल पाहण्याआधीच मी मनात ‘उमे’ म्हणून ठेवतो. माझ्या शिकाऊ दिवसांत मी एका साकुराची खालची फांदी वाटेत येते म्हणून कापली होती. मुकादमाने त्या दिवशी मला एक शब्दही सुनावला नाही, फक्त पुढचे दोन महिने माझ्या हातात करवत दिली नाही.

उमेविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण भारतीय प्रवाशाला त्याची ओळख सर्वांत कमी असते आणि जपानी संस्कृतीत त्याचा मान मात्र साकुराच्या आधीचा आहे. हे झाड मूळचे चीनमधले. आठव्या शतकात संकलित झालेल्या ‘मान्योशू’ या साडेचार हजारांच्या आसपास कविता असलेल्या संग्रहात उमेवरच्या कविता सुमारे १२० आहेत. साकुरावरच्या त्याच्या निम्म्याहूनही कमी. त्या काळच्या दरबारी माणसाच्या दृष्टीने उमे हे परदेशातून आलेले, विद्वत्तेचे आणि अभिरुचीचे झाड होते. इ. स. ७३० मध्ये क्यूशू बेटावरील दाझाइफु येथे ओतोमो नो ताबितो या अधिकाऱ्याने उमेच्या बहराची मेजवानी दिली. त्या प्रसंगी रचलेल्या ३२ कविता आणि त्यांची प्रस्तावना या संग्रहात आहे. १ मे २०१९ रोजी सुरू झालेल्या ‘रेइवा’ या राजवटीचे नाव त्याच प्रस्तावनेतील अक्षरांवरून घेतलेले आहे. म्हणजे आजच्या जपानी टपालावर, परवान्यावर आणि पगारपत्रकावर वर्ष लिहिताना जे नाव येते, त्याच्या मुळाशी उमेचे फूल आहे, साकुराचे नाही.

पुढे वारे फिरले. क्योतोच्या राजवाड्यात मुख्य सभागृहासमोर डाव्या बाजूला आधी उमे होता. नवव्या शतकात त्या जागी साकुरा आली आणि आजही ती तिथेच आहे. इ. स. ९०५ च्या सुमारास राजाज्ञेने सिद्ध झालेल्या ‘कोकिन्शू’ या कवितासंग्रहात साकुराने उमेला मागे टाकलेले दिसते, आणि त्यानंतर कवितेत नुसते ‘फूल’ म्हटले की साकुरा समजावी असा संकेत रूढ होत गेला. आपल्याकडे आंब्याला मोहोर येतो म्हटले की दुसरे झाड मनात येत नाही, तसेच काहीसे.

तरीही उमे हटला नाही, आणि याचे मोठे श्रेय सुगावारा नो मिचिझाने या विद्वान मंत्र्याकडे जाते. राजकारणात डाव उलटून ९०१ मध्ये त्यांना क्योतोहून दाझाइफुला धाडण्यात आले आणि ९०३ मध्ये तिथेच त्यांचे निधन झाले. निघताना त्यांनी अंगणातील उमेला उद्देशून, पूर्वेचा वारा सुटला की सुगंध पाठव आणि मालक नाही म्हणून वसंताला विसरू नकोस, अशा अर्थाची कविता म्हटली. तो उमे मालकाच्या ओढीने एका रात्रीत उडून दाझाइफुला गेला अशी आख्यायिका आहे आणि तिथल्या देवळात ‘उडता उमे’ म्हणून झाड दाखवतात. मिचिझाने पुढे विद्येचे दैवत मानले गेले. त्यांच्या देवस्थानांना तेन्जिन किंवा तेन्मांगू म्हणतात आणि अशा आवारात उमे लावण्याची रीत आहे. जानेवारी ते मार्च हा जपानमधील प्रवेश परीक्षांचा काळ, आणि नेमका तोच उमेच्या बहराचा. त्यामुळे तिथे फुलांखाली नवसाच्या लाकडी पाट्या लावणारी मुले आणि त्यांच्या मागे उभे असलेले आईबाप हमखास दिसतात.

यावरून पहिल्या छायाचित्राचा निकाल लागतो. युशिमा तेन्जिन हे मिचिझाने यांचेच देवस्थान आहे, फूल फांदीला चिकटलेले आहे, फांदी हिरवी आहे आणि मागे पाट्यांची रांग आहे. हा उमे आहे. सहकाऱ्याचे म्हणणे बरोबर. त्या चित्रात फांदीवर बसलेला हिरवट पक्षी मात्र उगुइसु नाही, जरी हानाफुदा या पत्त्यांच्या खेळातील फेब्रुवारीच्या पत्त्यावर उमे आणि उगुइसु यांचीच जोडी असते. उगुइसु हा मळकट तपकिरी, वटवट्यासारखा झुडपात लपणारा पक्षी आहे. फुलांतला मध प्यायला येणारा, डोळ्याभोवती पांढरे कडे असलेला हिरवा पक्षी म्हणजे मेजिरो, आपल्या चष्मेवाल्याचा सख्खा भाऊबंद. हा घोटाळा जपानी माणसेही नेहमी करतात, तेव्हा सहकाऱ्याला विचारून पाहायला हरकत नाही.

उमेच्या बाबतीत आणखी एक गंमत सांगण्याजोगी आहे. उमेच्या फुलबागांत जे वाण ‘लाल’ गटात मोडतात, ते फुलाच्या रंगावरून नव्हे तर डहाळी कापल्यावर आतल्या लाकडाचा रंग लाल दिसतो यावरून. त्यामुळे पांढऱ्या फुलांचा ‘लाल’ उमे असू शकतो. मितो शहरातील काइराकुएन ही बाग १८४२ मध्ये तोकुगावा नारिआकि यांनी खुली केली; तिथे शंभरेक वाणांचे सुमारे तीन हजार उमे आहेत. तिथे एक दिवस पाट्या न वाचता नुसते फिरले तर रंगावर विसंबणे किती फोल आहे हे पटते.

जर्दाळू आणि उमे यांच्यात मात्र माझीही गाडी कधीकधी अडते. नागानो प्रांतातील चिकुमा येथे जर्दाळूच्या जुन्या बागा आहेत आणि तिथला बहर उमेनंतर, साधारण मार्चअखेर ते एप्रिलच्या सुरुवातीला येतो. फुले जवळजवळ तशीच दिसतात. अशा वेळी फूल उलटे करून निदले, म्हणजे पाकळ्यांच्या मागची छोटी दले, पाहावीत: जर्दाळूची निदले पूर्ण मागे वळलेली असतात, उमेची सहसा तितकी वळत नाहीत. डहाळीचा रंगही जर्दाळूत लालसर तपकिरी असतो. परंतु या दोघांचा संकर होतो, बुंगो गटातील उमे जर्दाळूच्या रक्ताचेच मानले जातात, आणि तिथे फळ फोडून बाठा पाहीपर्यंत मी पैज लावत नाही. उमेच्या बाठ्यावर बारीक खळगे असतात, जर्दाळूचा बाठा गुळगुळीत असतो. सुमोमो ओळखणे त्यामानाने सोपे आहे: लहान, शुभ्र फुले, हिरवट देठ, दोन-तीन एकत्र, आणि एकूण झाडावर हिरवट पांढरी छटा.

आता मोमो. ३ मार्च हा मुलींचा, बाहुल्यांचा सण. त्याचे दुसरे नाव ‘मोमोचा सण’ असे आहे. इ. स. ७१२ मधील ‘कोजिकि’ या ग्रंथात इझानागि हा देव मृत्युलोकातून पळताना पाठलाग करणाऱ्यांवर तीन पीच फेकून त्यांना पिटाळतो, अशी कथा येते; पीच अमंगळ दूर ठेवते ही चिनी समजूत जपानमध्ये अशी खोल रुजलेली आहे. म्हणून मुलीच्या सणाला मोमोची डहाळी घरात हवी. अडचण एवढीच की ३ मार्चला जपानच्या बहुतेक भागांत मोमो उघड्यावर फुललेलाच नसतो. सण मुळात चांद्र पंचांगातील तिसऱ्या महिन्याच्या तिसऱ्या दिवसाचा, म्हणजे साधारण मार्चअखेर ते एप्रिल या दरम्यान पडणारा आणि मोमोच्या बहरात बसणारा. १ जानेवारी १८७३ पासून जपानने सौर दिनदर्शिका स्वीकारली, सणाची तारीख आकड्याने जशीच्या तशी राहिली आणि फूल मात्र महिनाभर मागे पडले. आपल्याकडे गुढीपाडवा इंग्रजी तारखेला बांधून टाकला असता तर कडुलिंबाच्या कोवळ्या पालवीचे काय झाले असते, याची कल्पना करावी. तेव्हापासून सणासाठी लागणाऱ्या डहाळ्या उबदार कोठारात ठेवून मुद्दाम लवकर फुलवल्या जातात.

तुमचे तिसरे छायाचित्र त्यातलेच आहे. एका पेराशी जोडीने बसलेली गडद गुलाबी फुले, मधून डोकावणारे अरुंद पाते आणि अजून न उमललेल्या कळ्यांवरची राखाडी लव हे सगळे मोमोचे आहे, आणि शेजारची बाहुल्यांची मांडणी त्याला दुजोरा देते. इथे तुम्ही आणि तुमचे सहकारी दोघेही चुकलात. बागेत फुललेला मोमो पाहायचा असेल तर एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात यामानाशी प्रांतातील कोफू खोऱ्यात जावे. फळबागांतील झाडे बुटकी आणि पसरट राखलेली असल्यामुळे उंचावरून सगळे खोरे गुलाबी दिसते, आणि त्याच्या कडेला बर्फाचे डोंगर. शोभेसाठी लावलेल्या मोमोत एकाच झाडावर पांढरी आणि लाल फुले येणारा एक वाण आहे, त्याला ‘गेन्पेइ’ म्हणतात. बाराव्या शतकातील युद्धात पांढरे निशाण गेन्जी घराण्याचे आणि लाल निशाण हेइके घराण्याचे होते, त्यावरून हे नाव पडले.

पीचच्या फळासाठी आणि पीचमधून जन्मलेल्या मोमोतारो या मुलाच्या लोककथेसाठी ओकायामा प्रसिद्ध आहे. पुण्यात सिंहगड रस्त्यावरचे पु. ल. देशपांडे उद्यान ओकायामाच्याच कोराकुएन बागेच्या धर्तीवर केलेले आहे. पण तिथे जपानी वसंत शोधायला जाऊ नये. या झाडांच्या कळ्या नीट उघडण्यासाठी हिवाळ्यात जितके दिवस सलग थंडी लागते, तितकी पुण्याच्या हवेत मिळत नाही. मुंबईत विक्रोळीजवळ द्रुतगती मार्गावर फेब्रुवारी-मार्चमध्ये फुलणाऱ्या गुलाबी झाडांना ‘मुंबईचा साकुरा’ म्हणण्याची पद्धत पडली आहे. ते टॅबेबुया, अमेरिकेच्या उष्ण प्रदेशातून आलेले, आणि त्याचे फूल कर्ण्यासारखे असते. सुंदर आहे, पण नात्यागोत्यातले नाही.

राहिले दुसरे छायाचित्र, आणि सहकाऱ्याचे ‘साकुरा इतक्या लवकर फुलत नाही’ हे विधान. शहरात वाढलेला जपानी माणूस साकुरा म्हणतो तेव्हा त्याच्या मनात बहुधा एकच वाण असतो, तो म्हणजे ‘सोमेइ योशिनो’. एदो राजवटीच्या अखेरीस तोक्योतील सोमेइ या माळ्यांच्या वस्तीतून तो पसरला. त्याची सगळी झाडे कलमांनी वाढवलेली, म्हणजे एकाच झाडाच्या प्रती आहेत; म्हणूनच एका गावातली झाडे दोन-चार दिवसांच्या अंतराने एकदम फुलतात आणि एकदम झडतात, आणि म्हणूनच ती आपसांत फळही धरत नाहीत. तोक्योत यासुकुनि देवस्थानातील ठरावीक झाडावर पाच-सहा फुले उमललेली दिसली की हवामान खाते बहर सुरू झाल्याचे जाहीर करते, आणि ते सहसा मार्चच्या उत्तरार्धात होते. सहकाऱ्याचे पंचांग या झाडावर बेतलेले आहे. परंतु ओकिनावातील लालबुंद, घंटेसारखी खाली वाकलेली कान्हिझाकुरा जानेवारीतच फुलते, डोंगरातली यामाझाकुरा तांबूस पालवीसह फुलते, आणि दुहेरी पाकळ्यांचा कान्झान सोमेइ योशिनो झडून गेल्यावर एप्रिलच्या मध्यानंतर येतो.

झडण्यासाठी जपानी भाषेत निरनिराळ्या फुलांची क्रियापदे निराळी आहेत, आणि ती ओळखीलाही उपयोगी पडतात. साकुरा ‘चिरु’, म्हणजे पाकळी-पाकळी होऊन विखुरते. उमे ‘कोबोरेरु’, म्हणजे भरल्या भांड्यातून सांडावा तसा सांडतो. कॅमेलियाचे ‘ओचिरु’, म्हणजे अख्खे फूल धप्पकन पडते. प्राजक्ताचा सडा पडतो असे म्हणणाऱ्यांना हा फरक समजावून सांगावा लागत नाही.

तर कावाझु. या गावात १९५५ च्या सुमारास नदीकाठी एका स्थानिक गृहस्थांना एक रोप सापडले, त्यांनी ते अंगणात लावले, आणि पुढे त्याच्या कलमांनी सगळा नदीकाठ भरला. हा वाण ओशिमा आणि कान्हि या दोन साकुरांचा नैसर्गिक संकर मानला जातो. गडद गुलाबी रंग आणि लवकर फुलणे त्याला कान्हिकडून मिळाले आहे. फेब्रुवारीत सुरू झालेला त्याचा बहर जवळजवळ महिनाभर टिकतो. तुमच्या चित्रात फुले घोसाने लोंबत आहेत, देठ लांब आणि स्पष्ट आहेत, एका पाकळीच्या टोकाची खाचही दिसते, आणि डाव्या कोपऱ्यातील खोडावर आडव्या रेघा आहेत. ही साकुरा आहे, आणि मार्चच्या सुरुवातीचीच आहे. सहकाऱ्याला सांगताना मात्र त्यांनी वापरली तितकीच अदब वापरावी, आणि चित्र पुढे करून आधी देठ दाखवावा.